शनिवारच्या सामन्याआधी

प्रिय जेरार्ड,

काल कोपऱ्यावरच्या दुकानात तुझा फोन आला तेव्हा मी तिथेच बाबांच्या शेजारी बटाटे निवडत होते. तुझं बोलणं मला ऐकू आलं नाही, पण त्यांचं आलं. “गुडघा सुजलाय? मग व्हिनेगरची पट्टी आवळून बांध, वरून मोजा चढव. आणि मॅनेजर मिस्टर हॅलमसमोर जिना उतरताना शीळ घाल. शीळ घालणाऱ्याच्या गुडघ्याकडे कुणी बघत नाही, लेका!” रात्रीचं जेवण दोघांनाही गेलं नाही.

ती युक्ती त्यांचीच आहे. तू त्यांना गिरणीच्या फाटकावर राखणीला बसलेलंच पाहिलंस. मी त्यांना लोकांच्या खांद्यांवर पाहिलं आहे. खाणीतून आलेला एकोणीस वर्षांचा पोरगा, पण चेंडूवर डोकं असं मारायचा की गोलरक्षक नुसता बघत राही. कॉन्व्हेंटमधल्या सिस्टर अलॉयसियस मला म्हणायच्या, “विनिफ्रेड, चेंडूमागे धावणाऱ्याशी लग्न करशील, तर जन्मभर कपडे धूत बसशील.” आणि दर सोमवारी त्याच हळूच विचारायच्या, “काय गं, जिंकलो का आपण?”

चौतीस सालच्या मार्चमध्ये इंग्लंडच्या संघाची निवड करणारे त्यांना बघायला येणार होते. गुडघा आठवडाभर सुजलेला. त्यांनी पट्टी बांधली, शीळ घातली, मैदानात उतरले. पहिल्याच अर्ध्यात वळताना पाय आत मुडपला. तेव्हाही आजच्यासारखाच बदली खेळाडू नसे. जखमी माणसाला कडेला उभा करायचे, निदान एक विरोधी तरी त्याच्यापाशी अडकून राहावा म्हणून. तसे ते सामना संपेपर्यंत एका पायावर उभे होते. आदल्या शनिवारी ज्यांनी खांद्यावर घेतलं, त्यांच्यातलाच एक ओरडला, “अरे एन्टविसल, बसची वाट बघतोयस का?” सगळे हसले. मीही प्रेक्षकांत होते, तू पोटात होतास.

मे महिन्यात क्लबने त्यांचं नाव कमी केलं. घर क्लबचं, तेही सोडावं लागलं. तुझ्या बाबांनी यातलं कधी काही बोलून दाखवलं नाही. तू पहिल्यांदा क्लबकडून खेळलास तेव्हा मात्र त्यांनी बूट पुसून मेरीमातेसमोर मेणबत्ती लावली. चर्चला न जाणारा माणूस तो! तुझ्यात त्यांना राहिलेला अर्धा सामना दिसतो, बाळा. म्हणूनच ते तुला थांब म्हणू शकत नाहीत.

म्हणून आज सकाळी मी मिस्टर हॅलमना फोन करून सगळं सांगितलं. हे पत्र पोहोचेपर्यंत त्यांनी तुला बोलावून मोजा खाली करायला लावलं असेल. शनिवारी तू खेळणार नाहीस. चषकाचा सामना पुन्हा मिळेल की नाही, मला माहीत नाही. खूप रागाव, हवं तर महिनाभर घरी येऊ नकोस. तो फोन मी केला हे तुला दुसऱ्या कुणाकडून कळू नये, एवढ्यासाठी लिहिते आहे. बाबांनाही मी आताच सांगितलं. वाटलं, आता भांडी फुटणार. त्यांनी चहाचा कप खाली ठेवला आणि पाय हातांनी उचलून स्टुलावर घेतला. मग एवढंच म्हणाले, “विनी, माझ्या वेळी असा फोन कुणी का नाही केला गं?”

तुझीच,
आई