गॅलरीतलं काळं पाखरू

॥ खंडोबा प्रसन्न ॥

पुंडलिकनगर, छत्रपती संभाजीनगर
९ मार्च २०२५

ती. आप्पांना,
प्रांजलीचा शि. सा. न. वि. वि.

पत्र लिहायला बसले म्हणायचं, पण खरं तर पडूनच लिहितेय. डॉक्टरीणबाईंनी सातवा लागेपर्यंत पलंग सोडू नको म्हणून बजावलंय. फोनवर तुम्हाला कानाचं यंत्र लावूनही नुसती खरखर ऐकू येते, आणि मी मोठ्यानं बोलले की सासूबाई रागावतात, म्हणतात पोटातलं दचकंल. म्हणून हे पत्र.

काळजी करू नका असं लिहिणार होते, पण खोटं कशाला लिहू? मागच्या साली जे हातचं गेलं ते डोळ्यांपुढून हलत नाही. सासूबाई ताट हातात आणून देतात, वेणी घालून देतात, रात्री माझ्या खोलीत खाली अंथरूण टाकतात. त्यांचं माझ्यावर फार ऋण झालं आहे.

पलंग खिडकीशी लावलाय. गॅलरीत कपड्यांच्या तारेवर अंगठ्याएवढं एक पाखरू घरटं बांधतंय. पाठ मातकट, पोट फिकट पिवळं, चोच बारीक आणि वाकडी. कोळ्याची जाळी, वाळली पानं, सासूबाईंच्या लुगड्याचा दोरा, काही सोडत नाही. ह्यांनी मोबाइलमध्ये बघून सांगितलं की हा हमिंगबर्ड. मातकट ती मादी, चकचकीत तो नर. नर म्हणे घरट्याकडे फिरकतसुद्धा नाही, सगळं ती एकटी करते. सासूबाईंनी त्या दिवसापासून आमचे कपडे गच्चीवर न्यायला सुरुवात केली.

आप्पा, एकदा या ना. आई असती तर तिला बोलावलं असतं. लेकीला मूल होईपर्यंत तिच्या घरचं पाणी प्यायचं नाही, हे मला ठाऊक आहे. मागच्या साली तुम्ही फाटकातूनच उन्हाचे कोरडे परत गेलात, ते आठवलं की माझा घास उतरत नाही. पण मला भीती वाटते आणि तुम्ही जवळ हवे आहात.

तुमची,
प्रांजली


वैजापूर
१७ मार्च २०२५

चि. सौ. प्रांजली हिस,
आप्पाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

पत्र पोचलं. पोस्टमन म्हणाला, आजकाल पत्र कोण लिहितं? मी म्हणालो, माझी लेक. तेवढ्यानं माझी छाती फुगली.

इकडं मेंढरं बरी आहेत. गडी मोतीराम रानात नेतो, मी संध्याकाळी वाड्याशी बसून मोजून घेतो. गुडघा कुरकुरतो, पण ते चालायचंच.

तुझ्या पाखराचं वाचून मजा वाटली. बघ, त्या मुक्या जिवालाही रीत कळते. बाळंतपणात बापाचं काय काम? बापानं लांबून बघावं. तुझी आजी तुझ्या आत्याकडं मूल होईपर्यंत पाण्याच्या थेंबाला शिवली नाही. मी आलो तर तुझ्या सासूबाई, सत्यशीलाबाई, चहा पुढं करणार, मी नको म्हणणार, आणि तुला वाईट वाटणार. त्यापेक्षा इथून खंडोबाला भंडारा वाहतो आहे, तो तुझ्यापर्यंत पोचतो.

सत्यशीलाबाईंना माझा हात जोडून नमस्कार सांग. त्या आहेत म्हणून मला रात्री झोप लागते. कळावे. पलंग सोडू नकोस.

तुझा,
आप्पा


पुंडलिकनगर
२ एप्रिल २०२५

ती. आप्पांना,
शि. सा. न. वि. वि.

मी बरी आहे. बाळ हलायला लागलंय. पहिल्यांदा कळलं तेव्हा मी सासूबाईंना हाक मारली, आणि त्या कणकेच्या हातांनीच धावत आल्या.

पण आज तुम्हाला दुसरीच बातमी द्यायची आहे. घरट्यात दोन पिल्लं निघाली. चार दिवस एक काळं, जांभळं चमकणारं पाखरू सारखं तारेवर यायचं. बाप तर फिरकत नाही असं ह्यांनीच सांगितलेलं, तेव्हा सासूबाईंनी ठरवलं की हा पिल्लं पळवणारा चोर. गॅलरीत पाट टाकून हातात काठी घेऊन बसल्या. आला की हाट! बिचारा गुलमोहरावर जाऊन ओरडायचा, आणि ती मातकट एकटी खेपा घालून दमायची.

आज सासूबाई दूध आणायला खाली गेल्या तेवढ्यात तो आला. चोचीत हिरवी अळी होती. मला वाटलं आता संपलं, आणि मी नुसती पडून बघत होते. त्यानं अळी पिल्लाच्या तोंडात घातली, आणि परत गेला, परत घेऊन आला. आप्पा, तो बाप होता!

संध्याकाळी ह्यांना सांगितलं. त्यांनी पुन्हा मोबाइल काढून वाचलं आणि स्वतःचे कान धरले. हमिंगबर्ड आपल्या देशात नसतोच. हा शिंजीर. मादी मातकट-पिवळी, नर काळा-जांभळा, इथवर ठीक. पण शिंजिराचा बाप पिल्लांना भरवतो.

म्हणजे तुमचा पुरावा परदेशचा निघाला. आता काय म्हणता?

तुमची,
प्रांजली

ता. क. सासूबाईंना वेगळं लिहायचंय. याच पाकिटात घालते.


श्री. खंडेराव व्याही यांस,
सत्यशीलाचा सा. न. वि. वि.

मला लिहायची सवय नाही, चूकभूल पदरात घ्यावी.

चार दिवस मी एका बापाला काठी दाखवून लेकरांपासून हाकलत होते. कळल्यावर मला कसंतरीच झालं. काठी मोडून चुलीला घातली असती, पण घरात गॅस आहे, म्हणून गच्चीवर टाकून आले. आज तो बिनधास्त येतोय. मादीला जरा उसंत मिळाली आहे.

तेव्हापासून माझ्या मनात येतं, की आपल्या या रीतीनं तुम्हालाही दारातच अडवलं आहे. प्रांजली दिवसा हसते. रात्री तोंडावर पदर घेऊन रडते, ते मी खालून ऐकते. माझी माया तिला पुरते, पण बापाची जागा मला भरता येत नाही.

रीत मी मोडायला सांगत नाही. पाणी पिऊ नका. तुमची भाकर बांधून आणा, तुमचं पाणी बाटलीत आणा. घोटभर चहासुद्धा मी पुढं करणार नाही, माझी शपथ. खुर्ची तेवढी आमची घ्या. खुर्चीबद्दल रीतीत काही सांगितलेलं नाही.

आपला लोभ आहेच. तो आता पायांनी दाखवावा, ही विनंती.

सत्यशीला


वैजापूर
२४ ऑगस्ट २०२५

चि. सौ. प्रांजली हिस,
अनेक आशीर्वाद, आणि माझ्या नातीला एक पापा.

काल घरी पोचलो. एसटीत खिडकीपाशी जागा मिळाली. सगळ्या रस्त्यानं मी एकटाच हसत होतो, शेजारचा माणूस सरकून बसला.

एप्रिलपासून इतक्या खेपा झाल्या की तुमच्या गल्लीतली कुत्रीसुद्धा भुंकायची थांबली. भाकर फडक्यात, पाणी बाटलीत, आणि सत्यशीलाबाईंची खुर्ची. पहिल्या दिवशी तू माझा हात धरलास तो संध्याकाळपर्यंत सोडला नाहीस. मी मागच्या साली आत यायला हवं होतं. तेवढी एक गोष्ट मनाला लागून राहिली आहे.

पिल्लं उडाली तेव्हा मी तिथंच होतो, हे किती बरं झालं. दोन्ही आईसारखीच मातकट. जावईबापू भारतरावांनी मोबाइल कितीही चोळला तरी नर कुठला नि मादी कुठली, सांगता आलं नाही. त्या काळ्याला मात्र फरक नव्हता, तो उडालेल्यांच्याही मागं अळ्या घेऊन धावत होता.

आता बारशाच्या दिवशीचं. तू आत होतीस, तुला ठाऊक नसेल. सत्यशीलाबाईंनी माझ्यापुढं पाण्याचा तांब्या ठेवला. तेवढ्यात आमच्याकडून आलेल्या सरूबाई सगळ्यांदेखत म्हणाल्या, खंडेराव, थांबा, नातू झाला तरच पाण्याची रीत सुटते, नातीवर नाय. सत्यशीलाबाईंनी मान खाली घातली.

मी तांब्या उचलला आणि तोंड न काढता रिकामा केला. लई गोड पाणी. मग तो सरूबाईंसमोरच पुढं धरला आणि आणखी मागितलं.

पुढच्या खेपेला भाकर बांधून आणणार नाही. सत्यशीलाबाईंना सांगून ठेव, आणि मला पिठलं तिखटच लागतं हेही सांग. त्या बाईंचे उपकार या जन्मी फिटायचे नाहीत.

कळावे. नातीला सांग, आजोबा येतोय.

तुझा,
आप्पा