शेजारची सीट

प्रिय वायसर,

हे पत्र तुझ्या हातात पडलंय म्हणजे सकाळी काच धुवायला तू दांडी ओढलीस, पाणी उडालं नाही, आणि लहानपणी शिकवल्याप्रमाणे तू आधी स्टीअरिंगखालचा फ्यूजचा डबा उघडलास. तो फ्यूज मीच काढलाय. शेवटच्या पानाला चिकटपट्टीने लावलाय, वाचून झालं की जागेवर बसव. तू चष्मेवाली, तुला काचेवर एक ठिपका खपत नाही. जावईबापू ती दांडी ओढणार नाहीत, त्यांना काच आयती पुसून मिळते. शिवाय फ्यूजच्या डब्यात हात घातला की शॉक बसतो अशी त्यांची ठाम समजूत आहे, आणि ती मी आजवर मुद्दाम दूर केलेली नाही. म्हणून ही जागा निवडली.

आईने फोन सोडून हे काय आरंभलंय, असं तुला वाटेल. तुझा फोन गेले कित्येक महिने स्पीकरवर असतो. तू कधी सांगितलं नाहीस, पण आवाज घुमतो आणि मला तो कळतो. मी तुला विचारते जेवलीस का, आणि उत्तर जावईबापूंकडून येतं. तुझे बाबा म्हणतात, बघ किती लक्ष आहे त्यांचं. बाबांचं काय, ते हवामानाच्या अंदाजावरसुद्धा विश्वास ठेवतात. मी तुझी जांभई ऐकते. हल्ली तू प्रत्येक वाक्यानंतर जांभई देतेस.

तर आज सकाळी तुझी गाडी घेऊन जावईबापू वर्कशॉपच्या दारात उभे. घसरणाऱ्या गाडीचं चित्र असतं ना, तो पिवळा दिवा अधूनमधून लागतो म्हणाले. बाहेर सगळे लुबाडतात, तुम्हीच बघा आई, असंही म्हणाले. लग्न झाल्यापासून ज्या माणसाने माझ्या वर्कशॉपमध्ये रुमाल अंथरल्याशिवाय बूड टेकलं नाही, तो कामावर रजा टाकून, बायकोची गाडी घेऊन, हातात मिठाईचा पुडा घेऊन येतो म्हटल्यावर माझ्या मनात पाल चुकचुकली. गाडी ठेवून जा म्हटलं तर नको म्हणाले, बसतो इथेच. आणि खरंच स्टूल ओढून बसले. रुमाल न अंथरता.

बिघाड वाचणारं मशीन जोडलं. मशीनने सांगितलं की गाडी किती वळली हे मोजणारा सेन्सर बिघडलाय. दुसऱ्या कुणी तो लगेच बदलला असता. तुला माझी सवय माहीत आहे, यंत्र स्वतःबद्दल जे सांगतं ते मी शेवटी ऐकते. एक सेन्सर सांगतो की स्टीअरिंग किती फिरवलं, दुसरा सांगतो की गाडी प्रत्यक्षात किती वळली. दोघांचं जुळलं नाही की गाडीला वाटतं आपण घसरतोय आणि ती एखाद्या चाकाचा ब्रेक स्वतःच दाबते. आता दोघांचं जुळत नसेल तर खोटं कोण बोलतंय हे आधी शोधायला नको? मी गाडी बाहेर काढली. पाण्याच्या टाकीजवळच्या वळणावर जोरात घेतली, मोकळ्या मैदानात आठच्या आकड्यात फिरवली, खडबडीत गल्लीतून आपटत आणली. जावईबापू मागच्या सीटवर हँडल धरून पांढरेफटक पडले होते, त्याचा आनंद मी वेगळा घेतला. दिवा काही लागला नाही. सेन्सर अगदी शहाण्यासारखा वागत होता.

मग मी जुन्या नोंदी उघडल्या. दिवा लागला त्या क्षणी गाडी कशी होती एवढं ती लक्षात ठेवते. दर वेळी इंजिन चालू, एसी चालू, आणि वेग शून्य. म्हणजे गाडी एका जागी उभी होती आणि तरी आपण घसरतोय म्हणून बोंब मारत होती. इतकी वर्षं हे काम करते, पण असली तक्रार मी पाहिली नव्हती. कुठेतरी पाणी मुरतंय एवढं नक्की झालं.

मी मान वर केली तर जावईबापू माझ्या खांद्यावरून पडद्यात बघत होते. यात तारीख आणि वेळ कळते का, असं त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं. या गाडीत फक्त किलोमीटर नोंदले जातात, असं मी सांगितलं. त्यांचा चेहरा पडला. लगेच, ते कागदावर काढून मिळतील का म्हणाले.

खरं सांगू, तोवर माझा सगळा संशय त्यांच्यावरच होता आणि तोही भलत्याच वाटेने चालला होता. उभी गाडी, चालू एसी, बायकोची गाडी सुट्टीच्या दिवशी हेच फिरवतात. सासूच्या जागी उभं राहून जे विचार मनात येऊ नयेत ते सगळे आले. कान गरम झाले माझे. पण मग वाटलं, ज्याला लपवायचंय तो नजर चुकवतो. हा माणूस तर पडद्यात डोकं घालून बसलाय. गाडी काय सांगेल याची याला भीती नाही, उलट घाईच झाली आहे.

तेवढ्यात त्यांना फोन आला आणि ते बाहेर गेले. मी वायर तपासायला ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर बसले. या गाडीत तो सेन्सर त्याच सीटखाली, गालिच्याच्या आत आहे. पाय मोकळे करायला सीट मागे सरकवली, अगदी शेवटपर्यंत, आणि पिवळा दिवा लागला. पुढे घेतली, काही वेळाने गेला. परत मागे, परत लागला. खाली वाकून हात घातला तर सीटची पट्टी सेन्सरच्या वायरीला घासत होती आणि वरचं आवरण सोलून निघालं होतं. सेन्सर बिचारा निर्दोष होता. पण ती वायर कारखान्यातून खाली दाबून बसवलेली असते, ती वर आली कशी? काहीतरी रोज खाली कोंबून कोंबून ती उचकटली होती. मी आणखी आत हात घातला आणि एक कपड्याची गुंडाळी बाहेर काढली.

माझा कोट होता तो. निळा, कामावरचा, बाबांनी शिवलेला, मोठ्या खिशांचा. सासरी जाताना तू इंजिनातलं तेल मोजायची पट्टी पुसायला म्हणून मागून नेला होतास. त्याने तू काही पुसलेलं नाहीस. उशीसारखा घट्ट गुंडाळला होता, वर तुझे लांब केस चिकटले होते, आत गजराचं छोटं घड्याळ होतं. गजर दुपारचा लावलेला, तू कामाला असतेस तो दातांचा दवाखाना जेवणाच्या सुट्टीनंतर पुन्हा उघडायच्या जरा आधीचा. वायसर, मी तिथेच सीटखाली डोकं घालून बसून राहिले. तू दुपारी दवाखान्यामागे गाडी लावून, सीट मागे टाकून झोपतेस. माझ्या कोटावर डोकं ठेवून झोपतेस आणि कुणाला दिसू नये म्हणून तो आत खोल कोंबतेस.

त्यांची पावलं वाजली तशी मी कोट घाण चिंध्यांच्या पिंपात टाकला. तिथे ते हात घालणार नाहीत.

चहा मांडला. मी मुद्दाम म्हटलं, पोरगी फोनवर फार दमलेली वाटते हो, काम जास्त आहे का. काम कसलं, म्हणाले, आम्ही रात्री बोलत बसतो. मनात काही ठेवून झोपायचं नाही असा आमच्या घरचा नियमच आहे. दिवसभरात कोण भेटलं, कोण काय म्हणालं, सगळं स्पष्ट झाल्याशिवाय मी तिला झोपू देत नाही, आणि तिचं दोन वेळचं सांगणं जुळलं नाही तर पुन्हा पहिल्यापासून. हे सगळं ते अभिमानाने सांगत होते. बाबा बशीत चहा ओतता ओतता थांबले. मग ते तुझ्या दवाखान्यातल्या दंतवैद्याबद्दल बोलायला लागले, किती उंच आहे, किती हसतमुख आहे, एकटाच राहतो म्हणे. आणि मग कप खाली ठेवून, माझ्याकडे न बघता त्यांनी विचारलं, "आई, त्या शेजारच्या सीटवर बसणाऱ्या माणसाचं वजन गाडीत कुठे नोंदलेलं असतं का?"

म्हणजे सीट मागे गेलेली यांनी आधीच पाहिली होती. दिव्यासाठी आले नव्हतेच ते. तुझ्यावर पहारा ठेवणाऱ्या माणसाला तुझी गाडी साक्षीदार म्हणून हवी होती, आणि साक्ष काढून द्यायला तुझीच आई. यापुढे मी त्याला अहोजाहो करणार नाही. तोंडावर करावं लागेल, पण या कागदावर नाही.

तुझी आई संशयी आहे हे साऱ्या गावाला माहीत आहे. तू लहान असताना नटाखालच्या वायसरची अंगठी घालून माझ्यामागे फिरायचीस आणि गिऱ्हाइकांना सांगायचीस की आईचा बॅटरीवरसुद्धा विश्वास नाही. संशय घेण्यावर माझं पोट आहे. पण मी तपासते, बिघाडाचं कारण सापडलं की स्क्रू आवळते आणि हात धुते. त्याला कारण सापडायलाच नको आहे. त्याच्या हाती आज तुझा कोट पडला असता तर त्याने त्या कोटाचीही चौकशी केली असती, आणि तीही रात्रभर. याची मला भीती वाटते. तो हात उचलतो का, हे मला माहीत नाही. तू सांगितलं नाहीस, आणि स्पीकरवर मी विचारूही शकत नाही. पण माणसाला झोपू न देणं मला हात उचलण्यापेक्षा कमी वाटत नाही.

त्याला मी सांगितलं की सीटमध्ये वजन नोंदलं जात नाही, आणि ते खरं आहे. मग सांगितलं की उंदराने वायर कुरतडली, दवाखान्यामागे कचऱ्याचे डबे असतील तर हे व्हायचंच, आणि ते धादांत खोटं आहे. सोललेली वायर त्याच्या नाकासमोर धरली. त्याला उंदराचे दात आणि सीटची पट्टी यातला फरक कळला नाही. गाडीच्या आठवणीतल्या सगळ्या नोंदी मी त्याच्यादेखत पुसल्या, दुरुस्तीनंतर हे करावंच लागतं असं म्हणून. त्याच्या नाकाला मिरच्या झोंबल्या, पण मशीनपुढे त्याचं काही चालेना. नवीन आवरण वाळायला वेळ लागतो म्हणून गाडी ठेवून घेतली आहे. उद्या न्यायला येईल. तुला विचारलं तर तूही उंदीरच म्हण, आणि दुसऱ्यांदा विचारलं तरी उंदीरच.

बाबांना मी काही समजावून सांगितलं नाही, फक्त पिंपातून कोट काढून त्यांच्यापुढे ठेवला. आपलीच शिवण ते ओळखणार नाहीत असं कसं होईल. जावयाची बाजू घेतील म्हणून मी भांडायच्या तयारीत होते. ते उठून मागच्या खोलीत गेले. मी हे लिहितेय आणि ते मागच्या खोलीतलं शिलाई मशीन एकट्याने ओढत बाहेर आणतायत. मी धरू का म्हटलं तर नको म्हणाले. खोलीला कडी आतून लागते का, हे त्यांनी दोनदा लावून पाहिलं.

माझं चुकलंही असेल. तू नुसतीच दमत असशील आणि दुपारी जरा डोळा लावत असशील, तर मला हस, मनापासून हस, मी ऐकून घेईन. पण ते तोंडाने सांग, माझ्यासमोर बसून. त्यासाठीच हे पत्र आहे. दुरुस्तीनंतर सेन्सरला सरळ म्हणजे काय ते नव्याने शिकवावं लागतं, हे खरं आहे. सपाट जागेवर गाडी उभी करायची, मशीन जोडायचं, चहा गाळून होईपर्यंत काम उरकतं. त्याला मात्र मी सांगितलंय की त्याला अख्खा दिवस लागतो, कधीकधी दुसराही, आणि रोज जे माणूस गाडी चालवतं तेच यावं लागतं. तोही यायला निघाला होता. मी म्हटलं, गाडीत एकच माणूस हवं, शेजारच्या सीटवर वजन असलं की माप चुकतं. हे मात्र त्याला लगेच पटलं. तर गुरुवारी तू ये. तुझी कागदपत्रं डिकीत स्टेपनीखाली ठेव, कपड्यांचं ओझं आणू नकोस, ते त्याच्या डोळ्यावर येईल. वाचून झालं की या पत्राचे तुकडे दवाखान्यातल्या कचऱ्यात टाक. इथे आलीस की कुणी तुला काही विचारणार नाही, मी नाही आणि बाबाही नाहीत. आधी झोप. परत जायचं की नाही, ते उठल्यावर ठरव.

तुझीच, वाट बघणारी,
आई