पाठमोऱ्या माणसाचा गोल

ती. वितोमामांच्या चरणी भाचा कोझिमो याचा साष्टांग नमस्कार. (पोट वाढल्यामुळे आठही अंगं एकदम जमिनीला टेकत नाहीत, तेव्हा टेकली तेवढी गोड मानून घ्यावीत.) तोरिनोच्या थंडीत तुमचा गुडघा अजून कुरकुरतो का? इकडच्या तेलाशिवाय मामींच्या स्वयंपाकाला चव येत नाही असं कळलं, म्हणून डबा पाठवतोय. सोबत फिलोमेनाने भाजलेल्या खुसखुशीत, कड्यांसारख्या ताराल्ली आहेत. आम्ही सगळे मजेत. सलून चालू आहे, बायको बोलते आहे आणि आपला तोरेसाल्सा क्लब यंदाही खालच्या डिव्हिजनमध्ये घसरलेला नाही. माणसाला आणखी काय हवं?

पत्रास कारण असं की मी सिनेमात आलो. तुमच्याच तोरिनोहून ओत्ताविया नावाच्या बाई आल्या होत्या, फुटबॉलच्या पाठीराख्यांवर माहितीपट काढायला. पहिल्याच दिवशी माझ्या सलूनमध्ये कॅमेरा लावून त्यांनी सरळ विचारलं, "यंदा क्लब वाचणार ना?" झालं! असलं काही सामन्याआधी तोंडाने बोलतात का? दृष्ट लागू नये म्हणून सगळेच लोखंडाला हात लावायला धावले. मासेवाल्या ओरोंत्सोने खुर्चीचा दांडा धरला, बेकरीवाल्या रोझारियोने माझ्या हातातली कात्री हिसकावली (गिऱ्हाईकाचा कान थोडक्यात वाचला) आणि फादर पास्क्वालिनो, जे असल्या गोष्टींविरुद्ध दर रविवारी प्रवचन देतात, ते हळूच खिशातल्या किल्ल्या चाचपत होते. बाईंना वाटलं, भूकंपच झाला.

त्यानंतर बाई माझ्याच मागे लागल्या. गोलामागच्या आपल्या स्टँडच्या, कुर्वाच्या, कठड्यावर मैदानाकडे पाठ करून, भोंगा तोंडाला लावून, सबंध सामनाभर लोकांकडून गाणी म्हणवून घेणारा माणूस त्यांनी जन्मात पाहिला नव्हता. (पाठीराखा म्हणजे पाठ दाखवणारा, असा अर्थ त्यांनी माझ्यावरून लावला असावा.) मामा, तो भोंगा तुम्हीच माझ्या हाती दिलात, तेव्हा तुम्हाला वेगळं सांगायला नको. मी आजवर आपल्या क्लबचा एकही गोल पाहिलेला नाही. सामना मी लोकांच्या तोंडांवर वाचतो. ओरोंत्सोने डोळे मिटले की कॉर्नर त्यांचा, रोझारियो मूठ चघळायला लागला की चढाई आपली. वळून बघावं असं पुष्कळदा वाटतं, पण भोंगेवालाच वळला तर कुर्वाने कोणाकडे बघायचं?

शेवटच्या सामन्यात मोंतेगाल्लोला हरवलं तर टिकलो, नाहीतर गेलो, अशी वेळ आली. शिट्टी वाजायला थोडाच अवकाश होता आणि घसा पार बसला होता. तेवढ्यात ओरोंत्सोचं तोंड उघडं पडलं, मग विचित्र वाकडं झालं (हसतोय की रडतोय, कळेना) आणि सगळी कुर्वा माझ्या अंगावर कोसळली. मी कठड्यावरून खाली, गवतात. उठून पाहतो तर चेंडू पुन्हा मध्यभागी.

गोल कसा झाला, हे मी त्याच संध्याकाळी विचारत सुटलो. ओरोंत्सो म्हणाला, "डोक्याने रे, कार्मिनेने." रोझारियो म्हणाला, "छे, छे, लांबून मारला, जाळी फाटायची बाकी होती." फादर म्हणाले, "कृपेने झाला, बाळा," आणि लगबगीने निघून गेले. खुद्द कार्मिनेला विचारलं की तो मान खाली घालतो, इतका विनयी पोरगा! शेवटी सगळ्यांचं जुळवून मीच गोल पक्का केला: कार्मिनेने लांबून धावत येऊन, दोघांच्या खांद्यांवरून झेप घेऊन डोक्याने मारला. हल्ली तो मी दाढी करताना सांगतो. गळ्यावर वस्तरा असल्यामुळे मधे कोणी बोलत नाही.

टीव्हीवाले आमच्या डिव्हिजनकडे ढुंकून बघत नाहीत, त्यामुळे माझी सगळी भिस्त बाईंच्या सिनेमावर. गेल्या आठवड्यात चर्चच्या हॉलमध्ये तो दाखवला. मी केसांना तेल लावून पहिल्या रांगेत. गोलाची वेळ आली, आणि पडदा म्हणून टांगलेल्या चादरभर दिसलं काय? माझं तोंड! दाढा दिसतील एवढं उघडं. सगळा हॉल रडत होता, फिलोमेनासुद्धा, आणि मी एकटा ओरडत होतो, "अहो बाई, तो कॅमेरा जरा वळवा की मागे!"

बाई म्हणाल्या, "कोझिमो, अख्खा सामना तुमच्या चेहऱ्यावर दिसतो."

"दिसत असेल हो. पण मला कसा दिसणार?"

पण राग नाही, मामा. रस्त्यात लोक हात मिळवतात, आणि खरं सांगतो, स्वतःचं ते तोंड बघून मलाही भरून आलं. एवढं प्रेम मी कशावर करतो, हे मला ठाऊकच नव्हतं. मी सुखात आहे. मामींना नमस्कार, पोरांचे पापे घ्यावेत.

तुमचा भोंगा सांभाळणारा,
कोझिमो

ता. क. बाईंचा दुसरा कॅमेरा मैदानाकडे होता म्हणे! त्या रिळात "नुसता खेळ" आहे म्हणून त्यांनी ते तोरिनोच्या ऑफिसात नुसतं टाकून ठेवलंय. गुडघा बरा असेल तर तेवढं घेऊन याल का? नसेल, तरीही याच.

ता. क. दुसरा: आधी तुम्ही बघा. मी सांगतो तसा गोल असेल तर रीळ पाठवा. नसेल तर कळवा की जळलं.

मामांना फिलोमेनाचा नमस्कार. पाकीट चिकटवायला यांनी माझ्याकडे दिलंय, म्हणून घाईने चार ओळी. गोल कार्मिनेचा नव्हताच. मोंतेगाल्लोच्या त्या जाड्या बचावपटूच्या ढुंगणाला लागून चेंडू आत गेला. अख्ख्या गावाने पाहिलं, यांच्याशिवाय. त्या संध्याकाळी हे गवताने माखलेले दारोदार विचारत फिरत होते, आणि यांचं तोंड बघून कोणालाच खरं सांगवेना. आपसात ठरवायलाही वेळ मिळाला नाही, म्हणून प्रत्येकाने सुचेल तसं सांगितलं. तुम्हीही जन्मभर पाठ करून उभे होतात, मामा. अशा माणसाच्या पदरात ढुंगणाचा गोल कसा घालायचा? तेव्हा रीळ आणा, बघा, मामींना दाखवा, दोघं पोटभर हसा. आणि मग यांना लिहा की रीळ जळलं, पण त्याआधी तुम्ही पाहिलं होतं, आणि गोल अगदी हे सांगतात तस्साच होता.