एक वाजताचा फोन

सोमवार, ३

आज रुजू झाले. खोली लहान, पण टेबल माझं एकटीचं! हँग झालेले फोन केबलने जोडायचे आणि त्या क्षणी मेमरीत जे होतं ते जसंच्या तसं उतरवून घ्यायचं, म्हणजे इंजिनिअरना बिघाड सापडतो. साहेबांनी बजावलं की फोन बंद-चालू करायचा नाही, चार्ज संपू द्यायचा नाही, नाहीतर मेमरी पुसली जाते. मी ते वहीत लिहून खाली दोन रेघा मारल्या.

कंपनीने घरच्यांसाठी दिलेला फोन गावी आईला देऊन आले. तिला वाचता येत नाही. ओळखू यावा म्हणून पाठीवर शिवणाच्या डब्यातलं हिरवं बटण चिकटवलंय. आत नंबर एकच, माझा.

मंगळवार, ४

बरोबर एकला आईचा फोन. जेवलीस का, दार नीट लावतेस ना, मग ‘अगं, ऐक ना’ म्हणाली आणि कट. उलट फोन केला, लागला नाही. दुपारभर जीव थाऱ्यावर नव्हता.

गुरुवार, ६

काल आणि आजही एकला आला. तेच प्रश्न, ‘अगं, ऐक ना’, कट. रेंज नसेल. ऐकू तरी येतेय. दिवसभरात माझ्याशी बोलणारी तेवढीच.

सोमवार, १०

मी मध्येच विचारलं, गुडघा कसा आहे. तिचा आपला पुढचाच प्रश्न. साहेब म्हणाले, फोनपेक्षा तूच जास्त हँग दिसतेस. हसले मी.

शुक्रवार, १४

दुकानांतून आलेली फोनची पेटी उघडली. तिसऱ्या फोनला हिरवं बटण.

चिठ्ठीवर: मंगळवार, ४. चार्जिंगवर ठेवला. घ्यायला कोणी आलं नाही.

काल एकला आई बोलली माझ्याशी.

साडेबारा

चिठ्ठीवरच्या नंबरवर दुकानदार भेटला. म्हणाला, मावशी घाईत होत्या, मुलगी बोलता बोलता अडकलीय म्हणत होत्या. बाहेर बाकावर बसल्या. हाक मारली तेव्हा मान कलली होती. मुलीला कळवायचं तर नंबर त्याच फोनमध्ये, आणि तो हँग. शेजाऱ्यांनीच सगळं उरकलं. मग त्याने विचारलं, तुम्ही कोण बोलताय?

मी फोन ठेवला.

बारा पन्नास

मेमरी उतरवली. दोनदा तपासली. कॉल चालू आहे. दहा दिवस. कट झालेलाच नाही.

चार्ज दोन टक्के. केबल बदलली, तरी घेत नाही. घरी जायला हवं, पण उठले आणि हा संपला तर—

एक

वाजतोय. माझा.

जेवलीस का. नाही गं आई.

दार नीट लावतेस ना. हो.

तिचा एक टक्का. बोल ना. बोलत राहा—

पडदा विझला. हिरव्या बटणाच्या फोनचा. मेमरी गेली.

आवाज चालूच—

अगं, ऐक ना. मी बाकावरच बसलेय. शेजारी तुझी जागा धरून ठेवलीय. तू कधी