फेस न बसणारा कोपरा

४ जून १९५३
सकाळची धार, कट्ट्यावर गिऱ्हाइकांसमोरच. काशी म्हशीनं आज शहाण्यासारखं दूध दिलं. बाबू पैलवानानं पेला कट्ट्यामागच्या कोपऱ्यात दगडावर ठेवला आणि कुस्तीच्या गप्पा झोडत बसला. बाकीच्यांचा फेस केव्हाच बसला. ह्याचा तसाच, काठाच्या वर. "आबा, दूध हाय का साबण?" सगळे हसले. मीही हसलो. पण पेला हातात घेतला तर कासेतून आत्ता निघाल्यासारखा गरम.
दुसरा पेला मुद्दाम ठेवून बघितला. दिवेलागणीलाही फेस जागचा हलला नव्हता.

५ जून
रात्री उलगडा झाला. काशीचं रेडकू त्याच कोपऱ्यात बांधलेलं. शेजारच्या गोठ्यातलं त्याच्याच बरोबरचं, त्याला शिंगांचे कोंब फुटले. आमचं होळीला होतं तेवढंच. जंत म्हणून मी कडुनिंबाचा पाला वाटतोय! परवा त्याच्या पाठीवर नुसता एक हात फिरवून आलो तर दुपार झालेली, गिऱ्हाईक पांगलेलं. ही म्हणाली, "वय झालं तुमचं." मला पटलंही होतं.
तिथं वेळ डोहासारखा साठलाय. दुसरं काय म्हणू.

७ जून
रेडकाचं दावं बाहेरून ओढलं. सकाळी ओढायला घेतलं, संध्याकाळी पुढचे पाय बाहेर. काशीनं आधी हुंगलं, ढुशी दिली. मग पुन्हा हुंगलं आणि चाटत सुटली. इतके दिवस बिचारी नुसती तिकडं तोंड करून उभी असायची. मला वाटायचं, चाऱ्याची हाव.

२१ जून
हिच्या पायांची सूज उतरत नाही. डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं, हृदय दमलंय, पावसाळा निघणं अवघड. ही दारामागून ऐकत होती. "माझं काय न्हाय वो. शेवंताचं बाळ तेवढं बघायला मिळालं असतं तर..."
शेवंता चंदगडला. पहिलं बाळंतपण, माहेरी आणायची पद्धत. पण तिकडच्या सुईणीनं प्रवास नको म्हटलंय, आणि आता तिथला पाऊस. लेक इकडे येत नाही, ही तिकडे जाऊ शकत नाही.
कोपऱ्याचा विचार मनातून जाईना. बोलायचं धाडस नाही.

बेंदूर
म्हशी धुतल्या, शिंगं रंगवली. पुरणपोळी हिनं बसून केली. जेवताना कोपऱ्याचं बोललो एकदाचं.
"मला दावणीला बांधताय व्हय?"
"अगं, नुसतं बसायचं. तुला घटकाभर वाटंल. तवर बाळ येईल."
"आन तुमच्या भाकरीचं?"
"मी थापीन."
"थापलीसा! ती भाकरी न्हवं, नकाशा हुतूया."
ताटातलं पुरण बोटानं सारवत म्हणाली, "मला घटकाभर. तुमी मातूर काशीगत तोंड करून हुबं ऱ्हाणार."


बेंदूर होऊन तीन दिवस
परवा कोपऱ्यात गेली. घोंगडं घेतलं, बाळासाठी शिवायला घेतलेलं दुपटं घेतलं. दाव्याचं एक टोक मी तिच्या हातात दिलं, दुसरं माझ्याकडं. "बाळ आलं की लगेच वडा. मान अवघडती माझी." कोपऱ्यात पाऊल टाकलं आणि संथ झाली. खाली बसायलाच तिला दोन दिवस लागले. पदर मागाहून उतरला.

श्रावण
त्या कोपऱ्यात पाऊस पडत नाही, उतरतो. थेंब माळेतल्या मण्यांसारखे, एकेक. तिच्या अंगावर यायला अजून अवकाश आहे.
सकाळी सुई कापडात असते. संध्याकाळच्या धारेला वर. एक टाका, एक दिवस. तिच्याकडे बघून जेवतो. भाकरी करपलेली.
बाबू आता कट्ट्यावर हळू बोलतो. पोरं ओरडली की दटावतो, "ए, काकू शिवत बसल्यात." जणू तिला ऐकू जाणार आहे.

गणपतीचा तिसरा दिवस
चंदगडच्या गाडीच्या कंडक्टरनं निरोप आणला. मुलगी! दोघी बऱ्या. सव्वा महिना झाला आणि रस्ता सुधारला की येते म्हणाली.
हात दाव्यावर गेला होता. पण आत्ता ओढलं तर तिचे हातचे दिवस वाट बघण्यातच जायचे. सोडलं. कोपऱ्याच्या तोंडाशी बसून म्हटलं, "गंगू, नात झाली." दोनतीनदा म्हटलं. काशीनं कान हलवले, हिचं काही नाही.

घटस्थापना
ओठाच्या कडेला काहीतरी हललंय. बाबूला दाखवलं. "हसत्यात की वो काकू!" म्हणजे निरोप आज पोचला.

दसऱ्यानंतर
हसू आता गालापर्यंत. इतकं सावकाश हसताना तिला कधी बघितलंच नव्हतं. लग्न झाल्यापासून दोघंही धारेच्या घाईत.
मीच आत जाऊन शेजारी बसावं, असं येतं मनात. मग काशीची धार कोण काढणार, आणि शेवंता आली तर दारात कोण...

दिवाळी पाडवा
म्हशींच्या मिरवणुकीचा दिवस. काशीला मोरपिसं बांधली, पायात घुंगरू. रेडकू आता तिच्या खांद्याला लागतंय, ऐटीत.
सकाळच्या गाडीनं शेवंता उतरली. बाळ आजीच्या हनुवटीचं. कोपऱ्यापाशी येऊन उभी राहिली, आईकडे बघून रडली, मग हसली. "आबा, वडा की. आता कशाची वाट बघायलाय?"
कसं सांगू. आत आहे तोवर ती आहे. बाहेर आली की डॉक्टरांचं बोलणं पुन्हा चालू. एवढ्यात बाळ रडायला लागलं, भरपूर मोठ्यानं, आणि मला हिचं जातानाचं बोलणं आठवलं. मान अवघडली असेल.
ओढलं.
दिवसभर काही नाही. मिरवणूक गेली, गुलाल उडाला, शेवंतानं ओवाळणीचं तबक करून ठेवलं. पाडव्याला हीच ओवाळते मला. पाट मांडून कोपऱ्याच्या तोंडाशी बसलोय, मांडीवर वही, मुठीत दावं. आत्ता दिवे लागताना ते ताठ झालं. तिकडून ओढतेय. उठायला आधार घेतेय की मलाच आत बोलावतेय, कळेना. शेवंताला म्हटलं, बाळ जरा जवळ आण.