माझा मुलगा मला वहिनी म्हणतो

प्रिय जाझगुल,

तू म्हणे तिलेकला सांगितलंस, "माझं बाळ मी कुणाला देणार नाही!" गावभर झालंय ते. मी पीठ मळत होते, तेवढ्यात जाऊबाईंनी येऊन बातमी दिली. त्यांना वाटलं मी भडकणार. पण खरं सांगू? मला तुझा हेवा वाटला. नुसता जळफळाट झाला. ही जीभ मला का नव्हती?

तुमच्या लग्नात तिलेकनं मला वहिनी म्हटलं तेव्हा तू हसली होतीस. तू बिश्केक शहरातली, तुला गंमत वाटली. आमच्या डोंगरात पहिलं नातवंड आजीआजोबांचं. तिलेकचं दूध सुटलं आणि सासूबाईंनी त्याला आपल्या अंथरुणात घेतलं. त्या त्याची आई झाल्या, त्याचा बाप त्याचा दादा झाला आणि मी वहिनी. राहायचो मात्र एकाच तंबूत. तो पडला की रडत माझ्या अंगावरून त्यांच्याकडे धावायचा. मी कुमिस घुसळत बसलेली. रवी अशी आपटायचे की सासरे म्हणायचे, "बुरुल, घोडीचं दूध आहे ते, दुश्मन नाही!"

एकदा गावच्या क्लबात सिनेमा आला होता. बापाच्या शब्दाखातर एक मुलगी प्रियकराला सोडते, असला. सासूबाई ढसाढसा रडल्या. "मेल्यांनो, त्या पोरीला कुणी विचारलं का?" असं पडद्याकडे बघून ओरडल्या. तिलेक त्यांच्या मांडीवर झोपला होता. मीही रडले. त्यांना वाटलं, सिनेमासाठीच.

वाईट नाहीत गं त्या. त्यांचंही पहिलं मूल त्यांच्या सासूनं घेतलं होतं. काल मला म्हणाल्या, "बुरुल, आता तुझी पाळी. तुलाही कुणीतरी आई म्हणेल."

तेव्हापासून माझी झोप उडालीय. मला हवंय ते बाळ, जाझगुल. फार हवंय. पाळण्यात घालायच्या दिवशी मी येईन, सगळ्यांसमोर हात पुढे करीन, रडीन, रीत मोडलीस म्हणून तुला वाट्टेल ते बोलेन. मी स्वतःला ओळखते, मला थांबता येणार नाही. म्हणून आजच लिहून ठेवते. मी कितीही मागितलं तरी देऊ नकोस. ते तुला आई म्हणेल तेव्हा माझा जीव जळेल. जळू दे.

तुझीच,
बुरुल