बाराव्या मजल्यावरचा नट

मंगळवार, ७ ऑक्टो.

तिसरी वही सुरू. बोटं दुखतायत, पण बरं वाटतंय. बँकेत वीस वर्षं साहेबांची पत्रं घेतली, आता या वयात एका अमेरिकन नटाचं आयुष्य शॉर्टहँडमध्ये घेतेय. निखिल म्हणतो, "आई, जस्ट रेकॉर्ड हिम ऑन युअर फोन." हॉवर्डला म्हणे यंत्रासमोर आठवत नाही, समोर ऐकणारा चेहरा लागतो. सगळा जन्म कॅमेऱ्यासमोर काढला आणि आता यंत्र नको! नखरे.

लेकीकडे राहतो, आमच्याच बिल्डिंगमध्ये बाराव्यावर. ती इथे आखातात शाळेत शिकवते. मी नवऱ्याला, दिलीपला, सोडून जाऊ शकत नाही, म्हणून तोच खाली येतो. मंगळ-शुक्र, चार वाजता. पैसे ठरल्याप्रमाणे देतो, चहा तीन कप पितो.

आज शेरीफ, जज्ज, बारवाला, पाद्री. सगळी दहा-दहा मिनिटांची कामं. नाव कुणाला ठाऊक नाही, चेहरा सगळ्यांना. काल लिफ्टमध्ये एक लेबनीज बाई त्याच्याकडे बघून म्हणाली, "यू वर माय डेंटिस्ट?" हा खूश. म्हणतो, हाच माझा पुरस्कार.

शुक्र., १० ऑक्टो.

आज धंद्याचं गुपित सांगितलं. "मी अभिनय करत नाही सू, मी माणसं उचलतो." (सुनंदा जमत नाही, म्हणून सू.) शेरीफची चाल सख्ख्या मामाची. जज्जचं खाकरणं शाळेच्या प्रिन्सिपॉलचं. आई गेली तेव्हा उशाशी बसून रडत होता, आणि रडता रडता बघत होता की तिचं कुठलं बोट शेवटी हललं. पुढच्याच वर्षी एका नाटकात ते बोट वापरलं. पेपरात त्या बोटावर लिहून आलं.

मी म्हटलं, "बाई गं! लाज नाही वाटली?"

"वाटली ना. दोन आठवडे. मग नाटक चाललं."

हसलो दोघंही. सगळं व्यवस्थित उतरवून घेतलं.

मंगळ., १४ ऑक्टो.

दिलीप हसला! मोठ्याने. दीड वर्षात पहिल्यांदा.

स्ट्रोकनंतर एकच शब्द उरलाय, यल्ला, अरबीतलं 'चला, आटपा'. साइट इंजिनिअर होता, सकाळी सहापासून "यल्ला यल्ला" करत माणसं कामाला लावायची. मराठी गेली, इंग्रजी गेलं, हिंदी गेलं, आणि तेवढं मेलं यल्ला राहिलं. पाणी हवं, यल्ला. बाथरूम, यल्ला. माझा राग आला, यल्ला. तर हॉवर्ड आज त्याच्यासमोर खुर्ची ओढून बसला आणि नुसत्या यल्ला-यल्लामध्ये पंधरा मिनिटं गप्पा. हातवारे, भांडण, समेट, सगळं. दिलीपच्या डोळ्यांतून पाणी. मी किचनमध्ये जाऊन पोळ्या लाटल्या, उगाच, चार जास्तीच्या.

स्पीच थेरपीची लीना (आमची मल्याळी, गोड पोरगी) म्हणते, त्यांना किती समजतं ते नक्की सांगता येत नाही. कधी सगळं, कधी काहीच नाही. समजतं असंच धरून चला.

बुध., २२ ऑक्टो. पाडवा.

दिलीपला ओवाळलं. तबकात घालायला त्याच्या खिशात मीच सकाळी पाकीट ठेवलं होतं, मीच काढलं. काय तो पाडवा! निखिल दुबई मरीनाहून आला, आठ वाजता निघाला, "आय हॅव अ‍ॅन इव्हेंट." हॉवर्ड पाचला आलेला. चकली आवडली, करंजी नाही.

निखिल येण्याआधीचं लिहायचं नव्हतं. पण लिहूनच टाकते.

दिलीप आत झोपला होता. हॉवर्डने विचारलं, "त्या दिवशी तू घरी कशी होतीस?" मी म्हटलं, डोकं दुखत होतं म्हणून बँकेतून लवकर आले, बाथरूममध्ये पडलेला दिसला. डॉक्टर म्हणाले, बाई वेळेवर आल्या म्हणून वाचले. आणि मग तोंडातून निघून गेलं. की कधी कधी वाटतं, अर्धा तास उशिरा आले असते तर दोघंही सुटलो असतो.

इंग्रजीत बोलले. मराठीत जन्मात बोलले नसते. इंग्रजीत ते वाक्य दुसऱ्याच कुणा बाईचं वाटलं. हॉवर्ड माझा हात हातात घेऊन बसला. उपदेश नाही, "अगं असं म्हणू नये" नाही. तेवढ्याने किती हलकं वाटलं. माहेरचं माणूस भेटल्यासारखं.

शुक्र., ७ नोव्हें.

बातमी! हॉवर्ड एकपात्री करणार, दुबईत. त्याने आयुष्यभर केलेली म्हातारी माणसं, एकामागून एक. आणि हॉल बघतोय कोण, तर आमचे चिरंजीव. इव्हेंटवाले ना. दोघांचं परस्पर जमलं, मला पत्ता नाही. निखिल फोनवर, "आई, फ्रंट रो. व्हीलचेअर अ‍ॅक्सेस. ऑल सॉर्टेड." दीड वर्षात बापाला भेटायला वेळ नाही, पण हे बरं जमलं. जाऊ दे. उत्साहात आहे तर असू दे.

डिक्टेशन बंद, रिहर्सल आहे म्हणून. हॉवर्ड तरी येतोच, दिलीपजवळ बसतो. मी आज चक्क एकटी समुद्रकाठी कॉर्निशवर चालून आले. तासभर!

रवि., ३० नोव्हें.

क्रमाने लिहिते.

काल दुबई. दिलीपला निळा शर्ट घातला, भांग पाडला. दोन तास गाडी. हॉल लहान, पण भरलेला. आमच्या ओळखीची चार कुटुंबं होती, जोशी, कुलकर्णी वगैरे, मीच बोलावलेली! म्हटलं, बघा आमचा नट.

शेरीफ झाला, जज्ज झाला, पाद्री झाला. प्रत्येक कुठून उचललाय ते मला ठाऊक, म्हणून मी शेजारच्या बाईला हळूच सांगत होते, हा मामा, हा प्रिन्सिपॉल. केवढा तो माझा तोरा.

मग खुर्ची ओढून बसला. उजवा हात मांडीवर मेल्यासारखा ठेवला, डाव्याने त्याचं मनगट धरलं. मान किंचित उजवीकडे. तोंडाचा कोपरा खाली. म्हणाला, "यल्ला."

हॉल हसला. दुबई आहे, यल्लावर हसणारच. मग दुसरा यल्ला, तिसरा. पाणी मागण्याचा, बाथरूमचा, माझ्या रागाचा. एक म्हणून चुकला नाही. हसणं थांबत गेलं. तरी म्हटलं, ठीक आहे, प्रेमाने केलं असेल. खरंच असं म्हटलं मनात.

मग उठला, खुर्चीमागे गेला, आणि मी झाला. पदर नाही, विग नाही, काही नाही. नुसती खांदे आवळून उभी राहिलेली बाई. प्रत्येक वाक्याआधी "अ‍ॅक्च्युअली", मी म्हणते तसं. आणि बोलला. सगळं. डोकं दुखत होतं, लवकर आले, अर्धा तास उशीर झाला असता तर. शब्दाला शब्द. माझ्या आवाजात. रिकाम्या खुर्चीकडे बघत.

पहिल्या रांगेत दिलीप.

सगळे उभे राहून टाळ्या. निखिल उभा. जोशीबाई रडत होत्या, रडता रडता एकदा माझ्याकडे बघितलं आणि पटकन नजर वळवली. तेवढ्यात कळलं, ओळखलं सगळ्यांनी. मी दिलीपकडे बघितलं. गालावर पाणी. पण त्याला जाहिरात बघूनही पाणी येतं, स्ट्रोकनंतर तसंच आहे. त्यावरून काय कळणार?

बाहेर लॉबीत हॉवर्ड घामाने भिजलेला, हात पसरून आला. मी म्हटलं, "ते माझं होतं. तुला सांगितलेलं."

म्हणाला, "हो सू. म्हणूनच तर खरं झालं."

शिवी आली होती तोंडात. इंग्रजीत सापडेना. मराठीत घातली. त्याने मान डोलावली, कौतुक केल्यासारखी! केसाने गळा कापला मेल्याने, आणि वर शाबासकी घेतोय.

सोम., १ डिसें.

निखिलला फोन.

"तू रिहर्सल बघितली होतीस?"

"ऑफकोर्स. मीच बाबांचे व्हिडिओ पाठवले होते त्याला. आई, इट वॉज अ ट्रिब्यूट."

"आणि मी? माझं ते बोलणं?"

मग, मराठीत, लहानपणी बोलायचा तसं, "आई, ते त्याने लिहिलंय ना? तू खरंच म्हणालीस?"

मी खोटं बोलू शकले असते. फोन ठेवला. त्यानेही परत केला नाही.

म्हणजे मुलालाही ठाऊक झालं. ज्याच्यापासून मी दीड वर्ष सगळं लपवलं, थकवा, चिडचिड, त्याला डिझायनर लाइट्ससकट दाखवलं.

आणि अक्कल माझी बघा. माणसं उचलतो म्हणून स्वतः सांगत होता. आईचं मरतानाचं बोट सोडलं नाही त्याने, मी कोण लागून गेले? मी तर ते माझ्याच हाताने लिहून घेतलं, सुवाच्य. तरी वाटलं, आपण वेगळे. प्रत्येकाला तेच वाटत असेल.

गुरु., ४ डिसें.

दिलीपने आज चमचा माझ्या हातून घेतला. डाव्या हाताने. दीड वर्ष मी भरवतेय, लीना रोज सांगते की त्यांना करू द्या, हा ढिम्म हलत नव्हता. आज वरणभात अर्धा अंगावर, अर्धा पोटात. मी मदतीला गेले तर मान फिरवली.

शुक्र., ५ डिसें.

चहाचा कपही. चप्पलही.

लीना उड्या मारतेय. "आंटी, हे खूप मोठं आहे! अचानक मोटिव्हेशन कुठून आलं?" मी म्हटलं, माहीत नाही. तिने व्हिडिओ काढून निखिलला पाठवला. निखिलचा मेसेज आला, नुसते टाळ्यांचे हात, सहा. सोमवारनंतरचा पहिला.

सगळे खूश. मला मेलीला घास गिळवत नाही.

मंगळ., ९ डिसें.

चारला बेल. पीप-होलमधून बघितलं, तोच. हातात फुलं. दार उघडलं नाही. दिलीप आतून "यल्ला, यल्ला", चारची बेल कुणाची ते त्याला ठाऊक, आवाज उत्सुक. म्हणजे याला हॉवर्डचा राग नाहीये. मग राग आहे तो कुणाचा?

दाराखालून चिठ्ठी सरकवली त्याने. तुला दुखावलं, सॉरी. पण दिलीप बरा होतोय असं निखिल म्हणाला, कदाचित त्या संध्याकाळनेच. आणि शेवटी, वह्या हव्यात, कुणीतरी प्रकाशक विचारतोय.

वा! सगळा जीव वह्यांत.

तीन वह्या उचलल्या आणि कचऱ्याच्या खोलीत गेले. पॅसेजच्या टोकाला ते लोखंडी झाकण आहे ना, उघडलं की सगळं थेट खाली. माझं शॉर्टहँड, त्यात माझ्या खुणा, दुसरा कुणी बापजन्मात वाचू शकणार नाही. तो ऐंशीचा, परत सगळं आठवून सांगणं आता त्याच्याने होत नाही. झाकण उघडलं की त्याचे शेरीफ, जज्ज, पाद्री, सगळे खलास.

उभी राहिले बराच वेळ. एक इजिप्शियन पिशवी घेऊन आला, "आफ्टर यू, मॅडम." परत आले. भ्याले म्हणून नाही. त्यात त्याच्या आईचं मरण आहे. ते त्याने माझ्यावर सोपवून सांगितलं होतं. त्याच्यासारखं मला नाही करायचं. पण टाइप करूनही देणार नाही. पडू देत कपाटात.

शनि., १३ डिसें.

निखिल आला. न सांगता, आणि राहिला. स्वतः चहा केला, वाईट. दिलीपच्या पायाशी बसून मॅच बघितली. जाताना दारात, "आई, यू शुड हॅव टोल्ड मी यू वर दॅट टायर्ड."

मी म्हटलं, "तू विचारलंस कधी?"

म्हणाला, "नाही." खाली मान. ओरडणार होते त्याच्यावर, सगळं पाठ करून ठेवलं होतं. ओरडले नाही. व्हिडिओ का पाठवलेस ते मात्र माफ केलेलं नाही, आणि तसं त्याला सांगितलं.

मंगळ., १६ डिसें.

आज शर्टाची बटणं. तीन लावली, वरची दोन राहिली. लीना म्हणाली, असंच चाललं तर आंटी तुम्ही दोन-तीन महिन्यांत अर्धा दिवस कामावर जाऊ शकाल. बिचारी, केवढ्या आनंदाने सांगत होती.

ती गेल्यावर दुपारी जेवायला बसलो. शेवटी विचारलं. दोन आठवडे टाळत होते. मराठीत विचारलं, कारण तिथे पळायला जागा नाही.

"दिलीप, त्या दिवशी स्टेजवर जे ऐकलंस ना, ते मी बोलले होते. खरंच बोलले होते. एका दिवसापुरतं नाही, पुष्कळदा मनात आलंय. आणि तरी तू नकोसा कधीच झाला नाहीस रे. दोन्ही खरं आहे. कळलं होतं तुला तेव्हा? आता कळतंय मी काय म्हणते ते?"

बघत राहिला माझ्याकडे. यल्लासुद्धा नाही. रडला नाही.

मी भात कालवून घास त्याच्याकडे नेला. त्याने डाव्या हाताने माझं मनगट धरलं. वाटलं, आता काहीतरी सांगेल. त्याने माझा हात खाली आणला, घासासकट, आणि माझ्याच ताटाशी नेऊन ठेवला. हळूच. मग स्वतःचा चमचा घेतला आणि जेवायला लागला.

आता बेडरूममध्ये झोपलाय. मी इथे टेबलाशी, ताटं अजून उचललेली नाहीत. तू जेव असं म्हणाला, की तुझ्या हातचं नको असं? रागाने झिडकारलं असतं तर भांडता तरी आलं असतं.